‘थकवा’ मराठीच आहे

‘थकवा हा हिंदीतून घुसलेला शब्द. अस्सल मराठी शब्द शीण. दोन्हींचा अर्थ एकच, तेव्हा यापुढे शीणच म्हणा.’ हा मजकूर सध्या व्हॉट्सॲपवर फिरतोय आणि चांगली शिकलेली माणसं तो पुढे ढकलतायत. मराठीच्या काळजीपोटी मराठीचाच शब्द हद्दपार होतोय, म्हणून हे लिहितोय.

थकवा हिंदी आहे? हिंदीत थकान म्हणतात, थकावट म्हणतात, थकवा नाही. रुसणेवरून रुसवा झाला, तसा थकणेवरून थकवा. गोडवा, गारवा, दुरावा ही सगळी याच वळणाची नामं.

यावर उत्तर येतं, की मग थकणे तरी ‘थकना’वरूनच आलं ना? तेही नाही. दोन्ही भाषांना हा धातू प्राकृतातून मिळाला. बाराव्या शतकातल्या हेमचंद्राच्या प्राकृत व्याकरणात संस्कृत ‘स्था’ धातूच्या जागी येणाऱ्या रूपांत ‘थक्क’ आहे. अर्थ उभं राहणं, थांबणं. मला तर हा थांबण्याचा अर्थ आजच्या मराठीतही स्पष्ट दिसतो. पगार थकतो. हप्ते थकतात. साखर कारखाना शेतकऱ्याचे उसाचे पैसे थकवतो आणि त्याच कारखान्याच्या कर्जाला राज्य सरकार थकहमी देतं. थकबाकीतला ‘बाकी’ अरबी, पण ‘थक’ आपलाच. हिंदीत यातल्या एकाही ठिकाणी ‘थकना’ चालत नाही, तिथे ‘बकाया’ लागतो. शब्द हिंदीतून उचलला असता, तर हिंदीत नसलेला हा सगळा व्यवहार त्याला कुठून चिकटला असता?

राहिला शेवटचा दावा, शीण आणि थकवा एकच. तीन जिने चढून माणूस दमतो, जरा टेकला की पुन्हा उठतो. रात्रभर एसटीत अंग आंबवून आल्यावर जो असतो तो शीण. कढत पाण्याने आंघोळ केली की उतरतो. टायफॉइडचा ताप गेल्यावरही कित्येक दिवस हातपाय उचलवत नाहीत, अन्न जात नाही, संडासापर्यंत गेलं तरी भिंत धरावी लागते, तो थकवा. आंघोळीने तो जात नाही. आणि ‘आजी हल्ली फार थकल्यात’ यात तर वय बोलतं. तिथे ‘आजी शिणल्यात’ म्हणून पाहा, ऐकणारा विचारेल, कुठून प्रवास करून आल्यात का?