धडधडतंय म्हणून वेड लागत नाही

मुलुंडच्या आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर चार दिवस एक फॉरवर्ड फिरतोय. सुरुवात नेहमीचीच, चिता आणि चिंता यांत एका अनुस्वाराचा फरक. पुढे चार दावे: चिंता पोसली की तिचा स्किझोफ्रेनिया होतो, पॅनिक अटॅक हे वेड लागण्याचं पहिलं लक्षण, वेड लागलेला माणूस मात्र स्वतःच्या जगात सुखी असतो, आणि गोळ्या एकदा सुरू केल्या की जन्माच्या चिकटतात, त्यापेक्षा प्राणायाम करा. पाठवणाऱ्या काकांचा हेतू चांगलाच असणार. पण त्याच रात्री बी विंगमधल्या एका कॉलेजच्या मुलीचा मला मेसेज आला, ‘ताई, मला रात्री खूप धडधडतं. माझंही तुमच्या दादासारखं होणार का?’

तिने मला विचारलं, कारण आमच्या घरात दोन्ही आहे. दादाला एकविसाव्या वर्षी स्किझोफ्रेनिया झाला, म्हणजे नसलेले आवाज ऐकू येणं, नसत्या गोष्टींची खात्री पटणं; मला पुढे पाच वर्षांनी पॅनिक, म्हणजे अचानक उसळणाऱ्या भीतीचे झटके. मी डॉक्टर नाही, पण दोन्ही फायली मीच सांभाळते.

पहिला दावा. दूध फार वेळ बाहेर राहिलं की नासतं, तशी चिंता फार दिवस राहिली की तिचा स्किझोफ्रेनिया होतो, असा यामागचा हिशोब दिसतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या आकड्यांनुसार २०१९ साली जगात ३० कोटींहून जास्त लोकांना चिंतेचे विकार होते. स्किझोफ्रेनिया होता सुमारे २ कोटी ४० लाख लोकांना, म्हणजे साधारण ३०० जणांत एकाला. बाकीच्यांचं दूध का नाही नासलं? या आजारात आनुवंशिकतेचा वाटा मोठा आहे, पण तोही पुरता नाही: एकसारख्या जुळ्यांपैकी एकाला तो झाला, तर दुसऱ्याला होण्याचं प्रमाण निम्म्याहून कमी भरतं. सख्ख्या भावंडांत ते १० टक्क्यांच्या आसपास सांगतात. हा आकडा मला पाठ आहे, का ते सांगायला नको. कोवळ्या वयातला भरपूर गांजा हेही एक कारण, त्याबद्दल फॉरवर्डमध्ये अवाक्षर नाही.

या दाव्यात खरा अंश आहे, तो नाकारणार नाही. आजार उघड होण्याआधीचे काही महिने, कधी वर्षंही, अनेकांना झोप लागत नाही, अस्वस्थ वाटतं, माणसं नकोशी होतात. दादाचंही तसंच झालं होतं, आणि आम्ही ते परीक्षेचं टेन्शन समजलो. शिवाय ज्याला मुळात धोका आहे, त्याचा आजार मोठ्या ताणाने उफाळू शकतो. पण पुराआधी पाऊस पडलेलाच असतो, म्हणून प्रत्येक सरीला कुणी २६ जुलै म्हणत नाही. नुसत्या धडधडीपेक्षा वेगळं काही दिसतंय का ते बघायचं: नवाच संशय, कुणी नसताना आवाज, तुटक असंबद्ध बोलणं, अंघोळ-अभ्यास सुटणं. असं असेल तर थांबायचं नाही, कारण उपचार जितके लांबतात तितकं सावरणं अवघड जातं.

दुसऱ्या दाव्याचा मला सगळ्यात जास्त राग येतो. माझा पहिला अटॅक कल्याण फास्टमध्ये आला, दादर सुटल्यावर. हातपाय गार, छातीत घण, श्वास पुरेना. आणि डोक्यात एकच, आता मला वेड लागणार, दादासारखं. मन चिंती ते वैरी न चिंती. घाटकोपरपर्यंत तो ओसरायलाही लागला होता, कारण पॅनिक अटॅक साधारण दहा मिनिटांत शिखर गाठतो आणि उतरतो. पुढे डॉक्टरांकडून कळलं की पॅनिकच्या लक्षणांच्या अधिकृत यादीतच ‘वेड लागेल अशी भीती’ हे एक लक्षण आहे! म्हणजे हा फॉरवर्ड ज्याच्या हाती पडतो, त्याच्या नेमक्या दुखऱ्या जागेवर बोट ठेवतो.

मी त्या गाडीत ‘मला वेड तर लागत नाही ना’ असं विचारत होते. दादाने कधी विचारलं नाही. बातम्या देणारी बाई आपल्याविषयीच बोलते, असं त्याला नुसतं वाटत नव्हतं, ते त्याला ठाऊकच होतं. चिंतेत शंका असते, त्याच्याकडे खात्री होती. फरक दर वेळी इतका ढळढळीत नसतो, सुरुवातीला तर नाहीच, म्हणून निदान डॉक्टरांनी करायचं, ग्रुपने नाही.

‘स्वतःच्या जगात सुखी’ हे लिहिणाऱ्याने एक दिवस आमच्याकडे राहायला यावं. जो आवाज रात्रभर ‘तुला संपवणार’ म्हणतो, त्याच्या सोबतीत कसलं सुख? आवाज थांबल्यावरही भीती उरते. दादा अजून लिफ्टमध्ये कुणी असलं तर जिन्याने जातो. स्किझोफ्रेनिया असलेल्या साधारण १५ टक्के लोकांना माणसांत मिसळण्याच्या भीतीचा वेगळा विकारही असतो, आणि मोठ्या आजाराच्या आड तो कुणाला दिसत नाही. आम्हालाही नव्हता दिसला. आणखी एक गोष्ट: मध्यंतरी तो गॅलरीत तासन्‌तास येरझाऱ्या घालायचा, बसवेना त्याला. मी चिंता समजून ओरडायचे. तो औषधाचा परिणाम होता, त्याला अकॅथिझिया म्हणतात. डॉक्टरांनी डोस बदलला, काही दिवसांत पाय थांबले.

गोळ्यांचं थोडक्यात. लगेच शांत करणाऱ्या, अल्प्राझोलामसारख्या गोळ्यांची सवय लागते, हे खरं, म्हणून त्या थोडे दिवसच देतात. चिंतेवर नेहमी देतात त्या एस्‌एस्‌आर्‌आय गोळ्यांचं तसं व्यसन लागत नाही, पण त्या एकदम तोडायच्या नाहीत, हळूहळू उतरवायच्या. माझ्या दीड वर्षात सुटल्या. दादाच्या चालू आहेत, एकदा मनानेच बंद केल्या तेव्हा तीन महिन्यांत तो पुन्हा खिडक्या लावून बसला. प्राणायाम मीही करते, गोळीच्या जोडीने करायला कुणी अडवलेलं नाही.

त्या मुलीला मी टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर पाठवला, तिथे मराठीतही बोलता येतं. आईला सांगायची हिंमत होत नाही म्हणाली. शनिवारी तिच्या घरी चहाला जाणार आहे, दादालाही घेऊन, तो लिफ्टने येतो म्हणाला तर.