ऑप्टोकपलर आहे म्हणून बोर्ड सुरक्षित? आधी जम्पर बघा

ऑप्टोकपलर (ऑप्टो) म्हणजे तारेऐवजी प्रकाशाने सिग्नल पलीकडे पोचवणारा सुटा भाग; रिले म्हणजे कॉइलने चालणारा स्विच. आर्डुइनोच्या कंट्रोलर बोर्डाला रिले जोडणाऱ्यांत सगळीकडे फिरणारा दावा असा: ‘रिले मॉड्यूलवर ऑप्टोकपलर असतो, त्यामुळे ५००० व्होल्टपर्यंत आर्डुइनोला धक्का नाही, आणि ऑप्टो कुठलाही चालतो.’

‘ऑप्टो आहे, म्हणजे दोन्ही बाजू वेगळ्या.’
पीसी८१७ या नेहमीच्या ऑप्टोमध्ये एलईडी आणि फोटोट्रान्झिस्टर यांच्यात फक्त प्रकाशाचा संबंध असतो, हे खरं. पण निळ्या रिलेंची बरीच मॉड्यूल्स जेडी-व्हीसीसी (कॉइलच्या सप्लायची पिन) आणि व्हीसीसी (ऑप्टोच्या एलईडीच्या सप्लायची पिन) यांच्यात जम्पर, म्हणजे दोन पिना जोडणारी छोटी टोपी, लावूनच येतात. तो असेपर्यंत रिलेची कॉइल आर्डुइनोच्याच ५ व्होल्टवर चालते आणि तिचा गोंगाट बोर्डात शिरतो. जम्पर काढा. जेडी-व्हीसीसी आणि ग्राउंडला वेगळा ५ व्होल्टचा सप्लाय द्या. आर्डुइनोकडून फक्त व्हीसीसी आणि आयएन (सिग्नलची पिन) घ्या. ग्राउंडची तार सवयीने जोडली, की सगळं मुसळ केरात. आणि २३० व्होल्टपासून बचाव मुळात रिलेच्या कॉइल-कॉन्टॅक्टमधलं अंतर करतं, ऑप्टो नव्हे.

व्हीसीसीला ३.३ व्होल्ट देऊ नका. ऑप्टोचा एलईडी (१.२ व्होल्ट) आणि खुणेचा एलईडी (सुमारे १.८) सिरीजमध्ये असतात, १ किलोओहमसाठी उरतात ०.३ व्होल्ट, म्हणजे जेमतेम ०.३ मिलिअँपिअर. रिले ओढलाच जात नाही.

‘५००० व्होल्टपर्यंत काळजी नाही.’
तो आकडा एका मिनिटाच्या चाचणीचा आहे, कायम लावून ठेवायचा नाही. शिवाय ऑप्टोच्या पोटाखालून कॉपर ट्रॅक नेला किंवा सोल्डरिंगचा फ्लक्स तसाच राहिला, तर वीज बाहेरूनच वाट काढते. मेन्ससाठी (घरातली २३० व्होल्टची वीज) दोन्ही बाजूंच्या कॉपरमध्ये ६ ते ८ मिमी मोकळे ठेवा.

‘ऑप्टो कुठलाही चालतो.’
पीसी८१७ चा सीटीआर (एलईडीतल्या प्रवाहाच्या किती टक्के प्रवाह ट्रान्झिस्टर देतो ते) ५ मिलिअँपिअरला ५० ते ६०० टक्के, इतका विखुरलेला. हिशेब ५० टक्क्यांनी करा, एलईडी म्हातारा होतो म्हणून आणखी निम्मा धरा. ५ व्होल्टवर ३९० ओहम लावले तर एलईडीला सुमारे १० मिलिअँपिअर मिळतात, म्हणजे पलीकडे किमान २.५. १० किलोओहमच्या पुल-अपला (आउटपुट ५ व्होल्टकडे ओढून धरणारा रेझिस्टर) ०.५ पुरतात. पण याच पुल-अपवर ११५२०० बॉडची सिरीयल लाइन चालवाल तर अक्षरं बिघडतील: एक बिट ८.७ मायक्रोसेकंदांचा, आणि ट्रान्झिस्टरला बंद व्हायलाच त्याहून जास्त वेळ लागतो. तिथे ६एन१३७ हा वेगवान ऑप्टो वापरा, सप्लायच्या पिनांना चिकटून ०.१ मायक्रोफॅरडचा कपॅसिटर.

डिमरला (दिवा मंद करणारं सर्किट) एमओसी३०४१ हा मेन्सचा ट्रायॅक-स्विच चालवणारा ऑप्टो लावू नका. तो मेन्सचा व्होल्टेज शून्याजवळ असतानाच ट्रिगर होतो, त्यामुळे दिवा मंद होतच नाही. एमओसी३०२१ मंद करतो, पण त्याची मर्यादा ४०० व्होल्ट आणि आपल्या मेन्सचं शिखर ३२५. व्होल्टेजचे झटके शोषणारा स्नबर (रेझिस्टर-कपॅसिटरची जोडी) हवाच.