लक्ष्मणफळाचा काढा आणि ‘दहा हजार पटींचा’ दावा

माझी मावशी ६१ वर्षांची आहे. तिच्यावर स्तनाच्या कर्करोगाचे उपचार चालू आहेत. पहिले केमो व्यवस्थित पार पडले, पण दुसऱ्याच्या तारखेला ती रुग्णालयात गेलीच नाही. हे मला कळले तोपर्यंत तीन आठवडे उलटले होते आणि त्या तीन आठवड्यांत ती दिवसातून तीन वेळा लक्ष्मणफळाच्या पानांचा काढा घेत होती. मावसबहिणीने तिला मोबाइलवर आलेला एक संदेश वाचून दाखवला होता. तोच संदेश गेल्या काही वर्षांत मला किमान दहा जणांनी पाठवला आहे, आणि दर वेळी मी तो न वाचल्यासारखा सोडून दिला, याची मला आता खंत वाटते. महाविद्यालयात वनस्पतिशास्त्र शिकवण्यात माझी उमेदीची वर्षे गेली आहेत. उत्तर देणे माझे कामच होते.

संदेशाचा आशय थोडक्यात असा आहे : लक्ष्मणफळ केमोथेरपीपेक्षा दहा हजार पट प्रभावी आहे, ते केवळ कर्करोगाच्या पेशी मारते आणि नैसर्गिक असल्यामुळे त्याचा कोणताही दुष्परिणाम नाही, आपल्या पूर्वजांना हे ठाऊक होते, आणि झाडाचे पेटंट घेता येत नसल्यामुळे औषध कंपन्यांनी हे संशोधन दडपून ठेवले. शेवटी पानांचा काढा रोज तीन वेळा घेण्याची आणि ‘विषारी केमो’ थांबवण्याची सूचना आहे.

दहा हजार हा आकडा हवेतून आलेला नाही, हे मला नाइलाजाने मान्य करावे लागते. अमेरिकेतील पर्ड्यू विद्यापीठाच्या संशोधकांनी १९९६ मध्ये ‘जर्नल ऑफ नॅचरल प्रॉडक्ट्स’ या नियतकालिकात एक निबंध प्रसिद्ध केला. लक्ष्मणफळापासून वेगळ्या केलेल्या काही संयुगांची त्यांनी चाचणी घेतली, तेव्हा त्यांतील एक संयुग मोठ्या आतड्याच्या कर्करोगाच्या पेशींवर ॲड्रियामायसिन या केमोच्या औषधापेक्षा दहा हजार पट तीव्र ठरले. पण ही संयुगे पानांतून किंवा गरातून नव्हे, तर बियांतून काढलेली होती. चाचणी प्रयोगशाळेत वाढवलेल्या पेशींवर झाली, माणसावर नाही. शिवाय ‘दहा हजार पट तीव्र’ याचा अर्थ तेवढ्याच पेशी मारायला फार थोडा पदार्थ पुरला, एवढाच होतो. रोगी दहा हजार पट लवकर बरा होतो असा तो मुळीच नाही. पोटात घेतलेला पदार्थ आतड्यातून शोषला जाईल का, यकृतातून शाबूत सुटेल का, गाठीपर्यंत पुरेशा प्रमाणात पोहोचेल का आणि वाटेत आणखी कशाकशाला इजा करील, यांपैकी एकाही प्रश्नाचे उत्तर अशा चाचणीतून मिळत नाही.

बियांमधल्या या तीव्रतेचा अनुभव आपल्या घरांना नवा नाही. लक्ष्मणफळाच्याच कुळातील सीताफळाच्या बियांची पूड उवा मारण्यासाठी डोक्याला लावण्याची रीत गावोगाव होती, आणि ती लावताना आजी मुलांचे डोळे घट्ट बांधून ठेवायची, कारण ती डोळ्यांत गेली तर बुबुळाला इजा होते. वनस्पती आणि माणूस यांच्या संबंधाचा अभ्यास करणारे शास्त्र अशाच निरीक्षणांपासून सुरू होते. ही पूड जीव मारणारी आहे हे ओळखून तिचा उपयोग आणि तिच्यापासूनचा बचाव या दोन्ही गोष्टी त्या बायकांनी एकत्रच शिकवल्या. संदेश लिहिणाऱ्याने त्यातला बचाव गाळून टाकला आहे.

‘दुष्परिणाम नाही’ हे वाक्य मला सर्वांत घातक वाटते, म्हणून त्यावर सविस्तर लिहिते. लक्ष्मणफळाच्या बिया, पाने आणि गर या सर्वांत ॲसिटोजेनिन वर्गातील संयुगे असतात आणि त्यांतील ॲनोनासिन हे प्रमुख आहे. पेशीला ऊर्जा पुरवणाऱ्या तंतुकणिकांमधील, म्हणजे मायटोकॉन्ड्रियांमधील, ऊर्जानिर्मितीच्या साखळीची पहिली कडी ते बंद पाडते. अशा तंतुकणिका कर्करोगाच्या पेशीत असतात तशा हृदयाच्या, मूत्रपिंडाच्या आणि मेंदूच्या पेशींतही असतात. ऊर्जेची सर्वाधिक गरज ज्यांना असते त्या मेंदूतील चेतापेशींना त्याची झळ लागणार, हा निव्वळ तर्कही राहिलेला नाही.

कॅरिबियन समुद्रातील ग्वादेलूप या फ्रेंच बेटावर लक्ष्मणफळ आवडीने खाल्ले जाते आणि शांत झोपेसाठी त्याच्या पानांचा काढा पिण्याची तिथे जुनी प्रथा आहे. त्या बेटावर कंपवातासारख्या आजाराचे वेगळ्याच धाटणीचे रुग्ण मोठ्या संख्येने आढळत असल्याचे तिथल्या मेंदुविकारतज्ज्ञांच्या लक्षात आले. १९९९ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात त्यांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. तपासलेल्या ८७ रुग्णांपैकी नेहमीचा कंपवात केवळ २२ जणांना होता. बाकीच्या बहुतेकांचा आजार कंपवाताच्या नेहमीच्या औषधांना दाद न देणारा होता. अशा रुग्णांमध्ये लक्ष्मणफळ आणि त्याच्या पानांचा काढा घेण्याचे प्रमाण तुलनेसाठी निवडलेल्या व्यक्तींपेक्षा स्पष्टपणे जास्त होते. पुढे २००४ मध्ये उंदरांना २८ दिवस शिरेतून ॲनोनासिन देण्यात आले, तेव्हा मेंदूच्या ज्या भागांचा हालचालींवर ताबा असतो त्याच भागांतील चेतापेशी नष्ट झालेल्या आढळल्या. ग्वादेलूपच्या अभ्यासाने कार्यकारणभाव पूर्णपणे सिद्ध होत नाही, आणि मी तसे म्हणतही नाही. उन्हाळ्यात कोणी एखादे लक्ष्मणफळ खाल्ले म्हणून घाबरण्याचेही कारण नाही. परंतु पानांचा काढा रोज तीन वेळा, महिनोन्महिने, अशक्त झालेल्या रुग्णाला देणे हे नेमके तेच आहे ज्याविषयी आपल्याजवळ धोक्याची सर्वांत ठोस नोंद आहे. माझ्या मावशीला कोणीतरी हे ‘निर्धोक’ म्हणून पाजले, आणि तेही प्रेमापोटी.

पूर्वजांविषयीचा मुद्दा दोन वाक्यांत संपतो. हे झाड मूळचे उष्णकटिबंधीय अमेरिकेतील आहे आणि समुद्रमार्गाने आपल्याकडे आलेले आहे. लक्ष्मणाचे नाव मिळाले म्हणून ते आपल्या प्राचीन ग्रंथांतले औषध ठरत नाही.

आता ‘नैसर्गिक विरुद्ध केमो’ या मांडणीकडे वळते, कारण संदेशाचा सारा डोलारा तिच्यावर उभा आहे. ज्या ॲड्रियामायसिनशी लक्ष्मणफळाची तुलना केली जाते, आणि मावशीला पहिल्या खेपेस जे लाल औषध सलाईनमधून दिले गेले, ते मातीत राहणाऱ्या एका जिवाणूपासून मिळाले आहे. इटलीत त्याचा शोध लागला आणि ॲड्रियाटिक समुद्रावरून त्याचे नाव ठेवले गेले. यानंतर तिला जे पॅक्लिटॅक्सेल मिळायचे आहे, ते पॅसिफिक यू नावाच्या सूचिपर्णी वृक्षाच्या सालीतून प्रथम वेगळे झाले. मोनरो वॉल आणि मनसुख वाणी यांनी १९७१ मध्ये त्याची रचना प्रसिद्ध केली. आपल्या दारातली सदाफुलीही याच इतिहासात आहे. जमैकात मधुमेहावर सदाफुलीच्या पानांचा काढा घेतात असे ऐकून कॅनडातील रॉबर्ट नोबल आणि चार्ल्स बीअर यांनी तो उंदरांना दिला. तोंडावाटे दिल्यावर रक्तातील साखर उतरली नाही, पण अर्क टोचल्यावर पांढऱ्या पेशी झपाट्याने घटल्या. त्या निरीक्षणातून १९५८ मध्ये व्हिनब्लास्टिन हे कर्करोगावरचे औषध हाती आले. त्याच झाडापासून मिळालेले व्हिनक्रिस्टिन आजही लहान मुलांच्या रक्ताच्या कर्करोगावर वापरतात. एक ग्रॅम व्हिनब्लास्टिन मिळवायला सुमारे ५०० किलो वाळलेली पाने लागतात. व्हिनक्रिस्टिनची मात्रा शरीराच्या आकारमानावरून मिलिग्रॅममध्ये काढतात आणि एका वेळी सहसा दोन मिलिग्रॅमच्या वर जात नाहीत, कारण त्याहून अधिक औषध मज्जातंतूंना दुखापत करते. झाडातले औषध असे असते. ते विषच असते; फरक एवढाच, की किती दिले, कशातून दिले आणि कोणाला दिले, हे माहीत असते. सदाफुलीची पाने सकाळी चावून खाणाऱ्यांनीही हे ध्यानात घ्यावे.

राहिला कंपन्यांचा कट. वनौषधींच्या ज्ञानावर परदेशात मालकी सांगितली जाते, ही तक्रार खोटी नाही. हळदीने जखम भरते या आपल्या घरगुती ज्ञानावर अमेरिकेत १९९५ मध्ये पेटंट दिले गेले होते आणि रघुनाथ माशेलकर प्रमुख असताना सीएसआयआरने, म्हणजे भारताच्या वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेने, पुराव्यानिशी लढून १९९७ मध्ये ते रद्द करवून घेतले. पण या संदेशातला तर्क त्याच्या अगदी उलटा आहे. झाडाचे नसले तरी त्यातून वेगळे केलेल्या औषधाचे, त्याच्या प्रक्रियेचे पेटंट घेता येत होते, आणि कंपन्यांनी ते घेतलेही. झाडात खरोखर औषध सापडले की ते दडपले जात नाही, ते ओरबाडले जाते. त्याचा पुरावा आपल्या सह्याद्रीत आहे. घाणेरड्या वासामुळे ज्याला नरक्या म्हणतात, त्या झाडात कॅम्पटोथेसिन हे कर्करोगाच्या पेशी मारणारे संयुग असल्याचे मुंबईत गोरेगावच्या सिबा संशोधन केंद्रातील टी. आर. गोविंदाचारी आणि एन. विश्वनाथन यांनी १९७२ मध्ये दाखवून दिले. हेच संयुग त्याआधी, १९६६ मध्ये, एका चिनी वृक्षात सापडले होते. सुरुवातीच्या मानवी चाचण्यांत त्याने मूत्राशयाला इतकी इजा केली की त्या थांबवाव्या लागल्या. रसायनशास्त्रज्ञांनी त्याच्या रेणूत बदल केले, तेव्हा कुठे १९९६ मध्ये टोपोटेकान आणि इरिनोटेकान ही वापरण्याजोगी औषधे अमेरिकेत मान्य झाली. मागणी वाढताच पश्चिम घाटातली नरक्याची झाडे बुंध्यापासून तोडून पोत्यांत भरून जाऊ लागली, आणि एके काळी सहज दिसणारे हे झाड आज कित्येक जंगलांत शोधावे लागते. लक्ष्मणफळाच्या पानांत कर्करोगाचा इलाज खरोखर सापडला असता, तर त्याचीही हीच गत झाली असती.

केमो थांबवण्याच्या सूचनेबद्दल एकच आकडा देते. येल विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात प्रस्थापित उपचार नाकारून केवळ पर्यायी उपचार निवडलेल्या २८१ रुग्णांची तुलना प्रस्थापित उपचार घेणाऱ्यांशी केली होती. स्तनाच्या कर्करोगात पहिल्या गटातील मृत्यूचा धोका साडेपाच पटींहून अधिक होता.

मावशीला मी यातले निम्मेही सांगितले नाही. लाल औषध मातीतून आले आणि पुढचे झाडाच्या सालीतून येणार आहे, एवढे सांगितल्यावर ती बराच वेळ गप्प राहिली. मग तिने विचारले, “म्हणजे मी झाडपाल्याचेच औषध घेत होते?” काढ्याची गोष्ट आम्ही डॉक्टरांना लपवून न ठेवता सांगितली, त्यांनी रक्ताच्या तपासण्या पुन्हा केल्या आणि मंगळवारी तिचे दुसरे केमो झाले. मावसबहिणीने तो संदेश नात्यातल्या आणि सोसायटीतल्या सहा गटांत पाठवला होता. त्या सहाही गटांत हे लिखाण तिनेच पाठवायचे, असे आमचे ठरले आहे.