ड्रोन खाली उतरवा

सकाळपासून तिघांनी तोच व्हिडिओ पाठवला. कुर्डी. गोव्यातल्या सांगे तालुक्यातलं, साळावली धरणात गेलेलं गाव. गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं गाव. मे महिन्यात पाणी उतरलं की घरांची जोती वर येतात, माणसं परत जाऊन उभी राहतात.

व्हिडिओत एक आजी आहेत. ओणव्या होऊन जोत्यावरचा वाळलेला गाळ नखांनी खरवडतायत. ओठ हलतायत. चार सेकंद! लगेच ड्रोन आभाळात आणि बासरी सुरू.

अरे, त्या काय बोलत होत्या? नखं चिऱ्यावर घासल्याचा आवाज कुठे गेला? सगळा माहितीपट तिथे होता आणि तुम्ही तो म्यूट केलात.

धरणाच्या उघड्या पात्रात वाऱ्याला आडोसा नसतो. कॅमेऱ्यावरचा माइक तिथे नुसती घरघर पकडतो. नंतर लो-कट, म्हणजे खालचे जाड सूर गाळणारा फिल्टर, लावला तर घरघर कमी होते, पण आवाजातला भरीवपणाही जातो. म्हणून गन माइकवर (समोरचाच आवाज टिपणारा लांबट माइक) वारा अडवणारं केसाळ विंडशील्ड हवंच, आणि माइक तोंडापासून दीड-दोन फुटांवर. लॅपल, म्हणजे कपड्याला अडकवायचा छोटा माइक, लावायचा तर दोन्ही बाजूंनी चिकटपट्टी, नाहीतर पदर घासून खरखर येते. निघताना सगळ्यांनी गप्प राहून एक मिनिट नुसता तिथला आवाज घ्यायचा. एडिटला सांधे त्यानेच झाकले जातात.

आणि भर दुपारी शूट कशाला? फिका गाळ ऊन परत फेकतो, कॅमेऱ्याचं ऑटो एक्स्पोजर, म्हणजे आपोआप उजेड जुळवणं, फसतं, चेहरा काळा पडतो. आजींचा पडलाच आहे. साडेसहा ते नऊ, बास.

मान्य, ड्रोन अगदीच टाकाऊ नाही. वाड्यांची मांडणी वरूनच कळते. दोन शॉट पुरेत. धरणाचं पाणी दक्षिण गोव्याच्या नळांना येतं, हेही खरंच.

पण 'आजी, कसं वाटतंय?' हे विचारू नका हो. दार कुठे होतं, चूल कुठे होती, एवढंच विचारा. माणूस आपसूक चालायला लागतो, हातांनी दाखवतो. आपण दोन पावलं मागे राहायचं, मध्ये 'हो हो' करायचं नाही. गप्प झाल्या तरी कॅमेरा दहा सेकंद चालू ठेवायचा. 'परत एकदा सांगा' म्हटलंत की पाठांतर सुरू होतं. सबटायटलमध्ये त्यांचा 'सोपो' (दारापुढची बांधीव बैठक) सोपोच राहू द्या, बाकडं करू नका.

कुर्डीचं महादेवाचं प्राचीन देऊळ पुरातत्त्व खात्याने दगड सुटे करून धरणाजवळ नेऊन पुन्हा उभं केलं. दगडांसाठी तेवढी चिकाटी दाखवली. इथे एका बाईचं वाक्य पुरं ऐकवत नाही आपल्याला?

व्हिडिओ करणाऱ्यांनो, मूळ फुटेज पुसू नका. वारा घुसलेला असला तरी त्यात आवाज असेल. आजींसमोर लावा, काय म्हणत होत्या ते त्यांनाच विचारून लिहून घ्या. पाऊस लागायला अजून दिवस आहेत. त्या तयार असतील तर एकदा परत जा, सकाळी साडेसहाला, ड्रोन घरी ठेवून.