माल आत, नोंद उद्या

गोव्यात वेर्णा औद्योगिक वसाहतीतल्या आमच्या कारखान्यात ट्रक येतो, माल उतरतो, थेट उत्पादनाच्या लाइनवर जातो. जीआरएन, म्हणजे माल मिळाल्याची नोंद? ‘उद्या करूया, पाऊस लागलाय.’ अरे, पावसाचा आणि एन्ट्रीचा काय संबंध! मग वापर नोंदला जातो, आवक नाही, आणि ईआरपीत, म्हणजे कारखान्याचा सगळा हिशेब ठेवणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये, स्टॉक उणे दिसतो. बिल अडकतं, कारण पीओ (खरेदीची ऑर्डर), जीआरएन आणि बिल तिन्ही जुळल्याशिवाय पैसे सुटत नाहीत. कुंडईचा छोटा पुरवठादार मला फोन करत राहतो, आणि मला लाज वाटते. कुठला माल किती आणि कधी मागवायचा हे सांगणारं एमआरपी उत्पादनाची योजना, बीओएम (एका वस्तूला काय काय लागतं याची यादी), स्टॉक आणि लीड टाइम (माल यायला लागणारा वेळ) यांवरच गणित मांडतं. आकडेच खोटे असतील तर ते काय करणार? तरी मीटिंगमध्ये खापर सॉफ्टवेअरवरच! वर प्रत्येकाची वेगळी एक्सेल शीट. आधी त्या बंद करा, आणि गेटवरच एन्ट्री करायला माणूस द्या.