तूप संपलं तेव्हा

आई दीड महिना ताईकडे गेली आणि मी घरात सुधारणा जाहीर केली: उद्यापासून दूध तापवायचं नाही. पिशवीतलं दूध पाश्चराइज्ड असतं, ७२ अंशांना १५ सेकंद तापवून, गार करूनच भरतात. मग रोज सकाळी पातेल्यासमोर पहारा कशाला? बायको म्हणाली, "बघ बाबा, तुझं तू."

पहिले दहा दिवस झकास गेले. बर्नरवरचं करपलेलं दूध खरवडायला नको, पातेलं भिजत घालायला नको, बाथरूममधून "अरे, दूध बघ रे!" अशी आरोळी नाही. कुणाचं पोटही बिघडलं नाही. शास्त्र माझ्या बाजूने होतं, आजही आहे.

अकराव्या दिवशी लेकीने वरणभातावर तूप मागितलं. बरणीच्या तळाशी जेमतेम चमचाभर.

तेव्हा कुठे माझी ट्यूब पेटली. आईला जंतूंचं फारसं पडलेलंच नव्हतं, तिला साय हवी होती. फुल क्रीमचीच पिशवी हवी हा तिचा हट्टही त्यासाठीच. त्यात ६ टक्के फॅट, टोन्डमध्ये ३. आणि मी पोट कमी करायच्या नादात टोन्ड आणून ठेवलेलं!

मग लागलो कामाला. दूध तापवायचं, निवू द्यायचं, फ्रीजमध्ये ठेवायचं, सकाळी वरची जाड साय अलगद उचलून डब्यात. आठ दिवसांनी डबा उघडला तर कडवट वास. आईला फोन केला. "अरे, विरजण नाही लावलंस? पहिल्याच दिवशी सायीत चमचाभर दही घालायचं, मग वर टाकत राहायची." चाळीस वर्षं मी हे तूप खातोय आणि एवढं साधं कधी विचारलं नव्हतं.

२०२४ च्या सरकारी वेळ-वापर पाहणीत घरच्यांसाठी बिनपगारी घरकाम करणाऱ्या बायकांचा दिवसाला सरासरी २८९ मिनिटं वेळ त्यात जातो, पुरुषांचा ८८. माझी मिनिटं त्या महिन्यात नक्की वाढली असतील. पण परवा घुसळायचं आहे, म्हणजे ताक निघेल, म्हणजे कढी होईल, म्हणून आज भाजी कमी आणायची, हे डोक्यात फिरत असतं ते कुठल्या रकान्यात भरायचं? मला विचाराल तर घरातल्या ज्या कामाला आपण "उगाचच" म्हणतो, ते बहुतेक वेळा चार दिवसांनंतरच्या दुसऱ्या कामाची तयारी असते. "बंद करा" म्हणणाऱ्याला ते दुसरं काम माहीतच नसतं. मला नव्हतं.

दुसऱ्या खेपेला जमलं. लोण्याचा गोळा आला, कढवताना घरभर वास सुटला, वाटीभर रवाळ तूप निघालं. आईला फोटो पाठवला. तुपाबद्दल एक शब्द नाही. लगेच फोन: "बेरी कोणी खाल्ली?"

मीच. साखर घालून, ओट्यापाशी उभ्याउभ्याच.