रागावलं की चढ

रात्री झोपताना मुलांना गोष्ट सांगणं हे सोपं काम आहे असं ज्यांना वाटतं, त्यांना नऊ वर्षांची भाची नसावी. मला आहे. ताई आणि भावोजी आठवडाभरासाठी बाहेर गेले, आणि निघताना ताई म्हणाली, "एक गोष्ट सांगितलीस की झोपते ती." यातलं 'एक' तेवढं खरं निघालं. त्या एका गोष्टीची आज पाचवी रात्र.

राजा-राणी नको, परी नको, बोलणारे प्राणी तर मुळीच नको ("ते बाळांचं असतं"), एवढ्या अटी ऐकून मी पहिल्याच रात्री टेकीला आलो आणि म्हणालो, "बरं. एक रस्ता होता." ती चक्क गप्प झाली. मला चेव आला. "व्यापाऱ्यांचा रस्ता. हजारो मैलांचा. आणि त्याला चालणाऱ्याचं मन कळायचं. माणूस रागावला की रस्त्याला चढ लागायचा, खूश झाला की उतार. घाबरला की रस्ता अरुंद व्हायचा, आणि कंटाळला की लांबायचा."

वा, मी मनात म्हटलं. काय सुचलंय!

"जाताना खूश असले तर उतार?"

"हो."

"येतानाही खूश असले तर?"

"तरी उतारच."

"मग दोन्ही गावं एकमेकांच्या खाली?"

मी दिवा मालवला. अंधारात प्रश्न कमी येतात असा माझा समज होता.

दुसऱ्या रात्री कळलं की रस्त्यावर एकटादुकटा माणूस नसतो, तांडा असतो. चाळीस माणसं, चाळीस मनं. कुणाचं ऐकायचं रस्त्याने? बहुमताचं, असं मी बेधडक सांगितलं. मग उंटांना मत आहे का, हे आलं. आता उंटाकडे पाहिलंत तर तो सदैव आपल्याला ओवाळून टाकल्यासारखाच बघत असतो. दीडशे किलोंहून जास्त ओझं पाठीवर घेऊन दिवसभर चालणाऱ्याने दुसरं कसं बघावं? शिवाय तांड्यात माणसांपेक्षा उंटच जास्त. म्हणजे माझा रस्ता कायमचा चढाचा झाला. उंटांचा मताधिकार मी तडकाफडकी काढून घेतला. ती म्हणाली, "हे चुकीचं आहे." होतंच ते. पण पावणेअकरा वाजले होते.

खरी पंचाईत बाजारात झाली. मी मोठ्या तोऱ्यात सांगत होतो की ज्याचा सौदा चांगला झाला तो आनंदात, म्हणून त्याला उतार, म्हणून तो सगळ्यांच्या आधी पोचला. ती विचारात पडली. नऊ वर्षांचं माणूस विचारात पडलं की मोठ्यांनी उठून पाणी प्यायला जावं. मी गेलो नाही.

"मग गिऱ्हाइकाला कळणार ना?"

"काय?"

"की हा लवकर आलाय म्हणजे खूश आहे, म्हणजे याला माल स्वस्तात मिळालाय. ते भाव पाडणार."

खरंच की! माझ्या रस्त्यावर मुरलेला व्यापारी कधीच वेळेत येणार नाही. तो सौदा झाल्यावर मुद्दाम जुनी भांडणं आठवत, स्वतःला चिडवत, चढ चढत येणार आणि वेशीवर कपाळाचा घाम पुसत "या खेपेला पार बुडालो हो" म्हणणार. ज्याला खरोखर खोट बसली, तो त्याच्याही मागून. दोघांचे चेहरे सारखेच. चांगल्या मनाच्या माणसाला उतार मिळावा म्हणून बांधलेल्या रस्त्यावर मी तीन रात्रींत ढोंग्यांची पेठ वसवली होती.

चौथ्या रात्री मी कल्पनेचा नाद सोडून खऱ्या रस्त्याचा आधार घेतला. रेशीम मार्ग! (हे नाव १८७७ साली रिख्टहोफेन या जर्मन भूगोलतज्ज्ञाने रूढ केलं. त्याआधीच्या शतकांत त्यावर झिजलेल्यांना आपण रेशीम मार्गावर आहोत याचा पत्ताच नव्हता.) तिला सांगितलं की चीनच्या पश्चिमेकडच्या लोपच्या वाळवंटात रात्री मागे राहिलेल्या माणसाला आवाज ऐकू येतात, त्याच्या नावाने हाका येतात, तो त्यामागे जातो आणि हरवतो, असं मार्को पोलोने सांगून ठेवलंय. म्हणून लोक जनावरांच्या गळ्यात घंटा बांधायचे आणि झोपण्याआधी जायच्या दिशेची खूण करून ठेवायचे.

"म्हणजे तो रस्ता घाबरलेल्यांशी बोलायचा," ती म्हणाली, आणि पहिल्यांदाच काही न विचारता झोपली. मी मात्र एक वाजेपर्यंत जागा. स्वयंपाकघरात कसलासा आवाज येत होता.

आज पाचवी रात्र. ताई उद्या येणार, म्हणून मी सढळ हाताने हुकमाचा पत्ता टाकला. रेशीम मार्गावरच्या दुनहुआंग या चिनी गावाजवळच्या एका पडक्या टेहळणी बुरुजात १९०७ साली ऑरेल स्टाइन या पुरातत्त्वज्ञाला सोग्दियन, म्हणजे मध्य आशियातल्या समरकंदकडच्या, व्यापाऱ्यांची पत्रं सापडली. चौथ्या शतकाच्या सुरुवातीची. त्यांत एक मिवनाय नावाच्या बाईचं नवऱ्याला लिहिलेलं पत्र. तो तिला आणि मुलीला दुनहुआंगला सोडून गेलेला. तीन वर्षं झाली, पैसे नाहीत, निघायची संधी पाच वेळा आली पण कुणी नेलं नाही. तेव्हा बाईंनी लिहिलं की तुझी बायको होण्यापेक्षा कुत्र्याची नाहीतर डुकराची बायको झाले असते तर बरं. पत्राच्या शेवटी मुलीनेही थोडं लिहिलंय.

भाचीने पांघरूण हनुवटीपर्यंत ओढलं. "मग? त्याने वाचलं?"

"नाही. ते पोचलंच नाही. बुरुजातच राहिलं. सोळाशे वर्षं."

ती बराच वेळ छताकडे बघत होती. मला वाटलं, जमलं.

"बरोबर आहे," ती म्हणाली. "पत्रात एवढा राग होता. रस्ता एकदम उभाच राहिला असणार. भिंतीसारखा. टपालवाला कसा चढणार?"

माझा रस्ता! पाच रात्री तिने ज्याच्या गिट्ट्या उपसल्या, तो तिनेच पुन्हा बसवला. माझा गळा भरून आला. मी हळूच दिवा मालवला, चादर सारखी केली आणि दारापाशी पोचलो.

"पण मामा, राग पत्रात होता. टपालवाल्याच्या मनात नव्हता. मग रस्त्याला कसं कळलं?"

मी पेंगत होतो. तोंडातून निघून गेलं, "त्याने वाचलं असेल."

"दुसऱ्याचं पत्र? न विचारता?" अंधारात पांघरूण फेकल्याचा आवाज आला. ती उठून बसली होती.